आंतरराष्ट्रीय कार्यालयांतले अधिकारी सरकारांच्या दबावापुढे टिकतात ते कशाच्या जोरावर?

आवकजावक

नमस्कार मंडळी,

मागच्या उन्हाळ्यात मुलीकडे हेगला अडीच महिने राहिलो. सकाळी फिरायला जायच्या वाटेवर, योहान दे विटलान नावाच्या रस्त्यावर, एक गोलसर इमारत लागायची. ते रासायनिक अस्त्रबंदी संघटनेचं मुख्यालय. २०१३ चं शांततेचं नोबेल त्यांना मिळालं होतं, एवढंच मला माहीत होतं. एकदा जेवताना जावई सहज म्हणाले की या संघटनेच्या पहिल्याच महासंचालकांना मुदत संपायच्या आत घालवलं होतं, आणि घालवणारा देश होता अमेरिका. त्या दिवसापासून हा विषय डोक्यातून जात नाही. तिथे असताना आणि परत आल्यावर जे वाचलं ते मांडतो. चुकत असेन तर सांगा.

मी हे कुठल्या जागेवरून बघतोय तेही सांगायला हवं. राज्य सरकारच्या नोकरीत ३४ वर्षं काढली. एका जमिनीच्या फाईलवर मी प्रतिकूल शेरा लिहिला होता. तो बदला, असा निरोप आला. आदेश लेखी द्या, लगेच बदलतो, असं मी म्हटलं. लेखी काही आलं नाही. सात आठवड्यांनी बदली आली, ती मुलीच्या दहावीच्या वर्षात. कुणी कुठला नियम मोडला नव्हता. बदलीच्या कागदावर ‘प्रशासकीय कारणास्तव’ असे दोन शब्द होते, त्यात सगळं आलं.

त्यामुळे संयुक्त राष्ट्रांच्या सनदेचं १०० वं कलम वाचताना माझं लक्ष शब्दांपेक्षा शब्दांमागे काय उभं आहे तिकडेच गेलं. कलम म्हणतं, महासचिव आणि कर्मचाऱ्यांनी कुठल्याही सरकारकडून सूचना मागू नयेत आणि घेऊ नयेत. सरकारांनीही त्यांना वळवू बघू नये. ही कल्पना राष्ट्रसंघाच्या, म्हणजे संयुक्त राष्ट्रांच्या आधीच्या जागतिक संघटनेच्या, काळातली आहे. त्याआधी आंतरराष्ट्रीय परिषदा भरायच्या तेव्हा प्रत्येक देश आपापले कारकून घेऊन यायचा. राष्ट्रसंघाचे पहिले महासचिव एरिक ड्रमंड यांनी वेगळा पायंडा पाडला: माणसं अनेक देशांची असतील, पण नोकर राष्ट्रसंघाचे. हे ब्रिटनच्या परराष्ट्र खात्यात मुरलेल्या माणसाने करून दाखवावं याचं मला फार कौतुक वाटतं. पण १९३३ मध्ये ते गेले आणि फ्रान्सचे जोसेफ आव्हनॉल आले. १९४० मध्ये फ्रान्स पडल्यावर ते जर्मनीशी जुळवून घेणाऱ्या फ्रान्सच्या व्हिशी सरकारकडे झुकले आणि त्याच वर्षी त्यांना पद सोडावं लागलं. सचिवालय तेच, नियम तेच, खुर्चीही तीच होती.

म्हणजे नुसत्या शपथेवर भागत नाही. मग कशावर भागतं?

आता हेगची गोष्ट. ब्राझीलचे मुत्सद्दी जोझे बुस्तानी १९९७ मध्ये संघटना सुरू झाली तेव्हा महासंचालक झाले. त्यांचं काम इतकं पसंत पडलं की पहिली मुदत संपायच्या वर्षभर आधीच, मे २००० मध्ये, २००५ पर्यंत त्यांची फेरनिवड झाली, तीही एकमताने. इराकने रासायनिक अस्त्रबंदी करारावर सही करावी म्हणून त्यांची खटपट चालली होती. सही झाली असती तर संघटनेचे निरीक्षक इराकमध्ये जाऊ शकले असते. पण २००२ साल उजाडलं तेव्हा वॉशिंग्टनमध्ये वारं इराकवरच्या युद्धाच्या दिशेने वाहत होतं. अमेरिकेने त्यांच्यावर आर्थिक गैरव्यवस्थेचे आणि परस्पर निर्णय घेतल्याचे आरोप केले. मार्चमध्ये कार्यकारी मंडळात अविश्वासाचा ठराव आणला, तो दोन तृतीयांश मतं न मिळाल्याने पडला. मग सदस्य देशांचं खास अधिवेशन बोलावलं. २२ एप्रिल २००२ ला मतदान झालं. काढावं म्हणणारे ४८, नको म्हणणारे ७, तटस्थ ४३.

त्या ४३ आकड्यापाशी मी बराच वेळ थांबलो. दोन वर्षांपूर्वी एकमताने निवडलेला माणूस, त्याच्याविरुद्ध कसली चौकशी झालेली नाही, आणि ४३ देशांना काहीच म्हणायचं नाही. संघटनेच्या अंदाजपत्रकात सगळ्यात मोठा वाटा अमेरिकेचा होता, हे सगळ्यांना माहीत होतं. माझ्या बदलीच्या वेळी आमच्या कार्यालयातही बहुतेक सहकारी गप्पच होते. चांगली माणसं होती ती. त्यांनाही मुलं होती, घराचे हप्ते होते.

बुस्तानी घरी बसले नाहीत. आंतरराष्ट्रीय श्रम संघटनेचं एक प्रशासकीय न्यायाधिकरण जिनिव्हाला आहे, राष्ट्रसंघाच्या वेळेपासूनचं. अनेक संस्थांच्या कर्मचाऱ्यांच्या तक्रारी तिथे चालतात. १६ जुलै २००३ ला निकाल आला: काढणं बेकायदा. उरलेल्या मुदतीच्या पगाराची भरपाई आणि वर मानहानीचे ५० हजार युरो. न्यायाधिकरणाच्या म्हणण्याचा मथितार्थ असा, की हे स्वातंत्र्य म्हणजे अधिकाऱ्याला दिलेली सवलत नाही, संस्थेचं काम नीट चालावं म्हणून ते आहे. नेमणूक करणाऱ्याला मनात येईल तेव्हा मुदत तोडता आली तर ते उरतच नाही. मानहानीची रक्कम बुस्तानींनी संघटनेच्याच तांत्रिक साहाय्याच्या कामाला देऊन टाकली. पण पद परत मिळालं नाही, आणि निकाल आला तोवर इराकवर हल्ला होऊन चार महिने झाले होते.

दुसरी गोष्ट पगाराची. इराकमधलीच. पहिल्या आखाती युद्धानंतर १९९१ मध्ये अस्त्रं शोधायला अन्स्कॉम नावाचं पथक नेमलं. त्यातले बहुतेक तज्ज्ञ सरकारांनी उसने दिलेले होते आणि त्यांचे पगार त्यांची त्यांची सरकारंच देत. १९९९ मध्ये उघड झालं की या पथकाच्या आडून अमेरिकी गुप्तहेर खात्याने आपलं ऐकण्याचं काम साधून घेतलं. पथकाची विश्वासार्हता गेली. त्याच वर्षी डिसेंबरमध्ये सुरक्षा परिषदेने नवं पथक काढलं, अन्मोव्हिक, हान्स ब्लिक्स यांचं. यात मुद्दाम एक बदल केला: निरीक्षक संयुक्त राष्ट्रांचे नोकर असतील आणि पगार संयुक्त राष्ट्रांकडूनच घेतील. २००३ च्या सुरुवातीला, जगातला सगळ्यात बलाढ्य देश ‘अस्त्रं आहेत’ म्हणून ओरडत असताना ब्लिक्स यांना ‘आम्हाला सापडलेली नाहीत, अजून काही महिने द्या’ असं सांगता आलं. त्यांच्या धैर्याचं श्रेय त्यांचंच. पण त्यांच्या माणसांचा पगार कुठून येत होता, हा त्यातला निम्मा भाग आहे असं माझं ठाम मत आहे.

मुदत, पगार आणि दाद मागायला जागा. मला हे तीन खांब दिसले. तुम्हाला आणखी काही दिसतं का? कुणी अशा संस्थांत काम केलं असेल तर जरूर लिहा.

निशिगंध

काका, फार मनापासून लिहिलंय. बुस्तानींचं नावही ऐकलं नव्हतं. वाचतेय.

दूरदेशी

मी जिनिव्हात एका संस्थेत आठ वर्षं काम केलं, नाव सांगत नाही. पगाराबद्दल तुम्ही लिहिलंय ते शंभर टक्के खरं, फक्त आता ते इतकं ठळक दिसत नाही. कुठल्या सरकारचा मला कधीही फोन आला नाही. फोन यायची गरजच पडत नाही.

माझे करार असायचे ३६४ दिवसांचे. मधे थोडी सुटी, मग पुन्हा करार. आमच्या विभागाचा पैसा ठरावीक देशांकडून ठरावीक प्रकल्पांसाठी यायचा. अहवालाचा मसुदा वर गेला की साहेब म्हणायचे, ‘हे वाक्य जरा मऊ करता येईल का बघ.’ कुठला देश, कशासाठी, हे कुणी बोलायचं नाही. मलाही कळायचं, त्यांनाही कळायचं. पहिल्या वर्षी मी वाद घालायचे. चौथ्या वर्षी मसुदाच मऊ लिहायला लागले. हे लिहिताना आजही लाज वाटते.

जागतिक आरोग्य संघटनेचं बघा. देशांनी सदस्य म्हणून भरायची ठरलेली वर्गणी बरीच वर्षं एकूण पैशाच्या पाचव्या हिश्शाच्याही आत होती. बाकीचा पैसा स्वेच्छेचा, आणि त्यातला बराचसा ‘याच कामासाठी वापरा’ अशी चिठ्ठी लावून येणारा. तीही चिठ्ठी सूचनाच की! कलम १०० मध्ये ती बसत नाही एवढंच. कोविडनंतर, २०२२ मध्ये, सदस्य देशांनी ठरवलं की मूळ अंदाजपत्रकाचा निम्मा भाग ठरलेल्या वर्गणीतून येईल असं दशकाअखेरपर्यंत करायचं. आणि जानेवारी २०२५ मध्ये सगळ्यात मोठ्या देणगीदाराने, अमेरिकेने, बाहेर पडायचा आदेश काढला. माझ्या ओळखीतल्या किती जणांचे करार त्यानंतर संपले ते मोजायचं मी सोडून दिलंय.

तुमच्या तीन खांबांत पगाराचा खांब पहिला लावा.

उलटतपासणी

धागा आवडला, पण मला दुसरी बाजू मांडायची आहे आणि ती गंभीर आहे. स्वातंत्र्य, स्वातंत्र्य म्हणताना आपण कुणापासून, हे विचारतो. कुणाला उत्तरदायी, हे विचारत नाही.

ऑक्टोबर २०१०, हैती. जानेवारीच्या भूकंपात देश आधीच मोडून पडलेला. मिरबाले गावाजवळ संयुक्त राष्ट्रांच्या शांतिसेनेची नेपाळी तुकडी होती. तिच्या तळावरची घाण आर्तिबोनित नदीला मिळणाऱ्या ओढ्यात गेली आणि देशात कॉलरा पसरला. हैतीत त्याआधी कॉलऱ्याची साथ ठाऊक नव्हती. सुमारे १० हजार माणसं मेली. संयुक्त राष्ट्रांनी सहा वर्षं जबाबदारी नाकारली. मृतांच्या नातेवाइकांनी न्यूयॉर्कच्या न्यायालयात दावा लावला, तर संस्थेला खटल्यापासून संरक्षण आहे म्हणून तो उभाच राहिला नाही. डिसेंबर २०१६ मध्ये महासचिव बान की मून यांनी माफी मागितली. पुन्हा सांगतो, सहा वर्षांनी.

सरकारांच्या दबावापासून वाचवणारी जी भिंत आहे, तीच भिंत हैतीच्या बाईसमोर उभी राहिली. धागाकर्त्यांनी यावर बोलावं.

आवकजावक

उलटतपासणी साहेब, तुमचं म्हणणं मान्य. भिंतीची ही बाजू मी पाहिलीच नव्हती. दोन दिवस यावरच वाचत होतो, म्हणून उशीर झाला.

आधी भिंत बांधली कशी गेली ते सांगतो, मग हैतीकडे येतो. १९५२-५३ मध्ये अमेरिकेत कम्युनिस्ट हुडकण्याची लाट आली होती. संयुक्त राष्ट्रांत काम करणाऱ्या अमेरिकी कर्मचाऱ्यांना चौकशी समित्यांपुढे बोलावलं जाऊ लागलं. त्यांनी उत्तरं नाकारली म्हणून पहिले महासचिव त्रिग्वे ली यांनी अनेकांना काढून टाकलं. एवढंच नाही, खुद्द मुख्यालयाच्या इमारतीत एफबीआयला बसायला जागा दिली, कर्मचाऱ्यांचे ठसे घ्यायला. सनद होऊन आठ वर्षंही झाली नव्हती! काढलेले लोक संयुक्त राष्ट्रांच्या प्रशासकीय न्यायाधिकरणात गेले आणि ११ जणांना मिळून सुमारे १ लाख ८० हजार डॉलर भरपाई मंजूर झाली. अमेरिका म्हणाली, आमसभेने हे पैसे देऊ नयेत. प्रश्न हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयात गेला. १३ जुलै १९५४ ला ९ विरुद्ध ३ असं मत आलं: आमसभेने स्वतःच स्थापलेल्या न्यायाधिकरणाचा निवाडा आमसभेला झुगारता येणार नाही. दरम्यान ली जाऊन हामरशोल्ड आले होते आणि त्यांनी नोव्हेंबर १९५३ मध्ये एफबीआयला इमारतीबाहेर काढलं. हामरशोल्ड यांचं नाव मोठं आहे ते योग्यच, पण त्या ११ जणांना मी जास्त मानतो. नोकरी गेलेली, स्वतःच्या देशात देशद्रोही ठरलेली ती माणसं दाद मागायला गेली म्हणून पुढच्या सगळ्यांना आधार मिळाला.

आता हैती. १९४६ च्या संरक्षणाच्या करारातच २९ वं कलम आहे: संस्थेला न्यायालयात खेचता येत नसेल, तर खासगी स्वरूपाचे दावे मिटवायची सोय संस्थेने स्वतः करावी. हैती सरकारशी झालेल्या करारात तर दावे ऐकायला कायमचा आयोग नेमायचं लिहिलेलं होतं. तो कधी नेमलाच नाही. म्हणजे संस्थेच्या नोकराला दाद मागायला न्यायाधिकरण आहे, आणि संस्थेमुळे ज्याचं मूल गेलं त्याला साधी खिडकीही नाही. भिंत पाडा असं मी म्हणणार नाही, पण तिला दार ठेवायचं कबूल केलं होतं ते ठेवलं नाही. तुम्ही हे समोर आणलंत, आभारी आहे.

मांजराकाठ

चौथा खांब माझ्याकडून घ्या: स्वतःची माहिती. मी बीडचा. १९९४ ला शाळेत होतो. आमच्या जिल्ह्यातल्या मामला गावात ऑगस्ट-सप्टेंबरमध्ये ग्रंथिक प्लेगचे रुग्ण निघाले. आदल्या वर्षी किल्लारीचा भूकंप झालेला, लोक आधीच भेदरलेले. उंदीर मेलेला दिसला की आजी गाव सोडायची भाषा करायची. तिने तिच्या आईकडून जुन्या प्लेगच्या गोष्टी ऐकल्या होत्या. मग सुरतला फुफ्फुसाचा प्लेग निघाला आणि तिथून लोक लोंढ्याने बाहेर पडले. खानदेशातली कितीतरी कुटुंबं सुरतेत कामाला होती, ती परत आली.

इथे धाग्याशी संबंध येतो. जागतिक आरोग्य संघटनेने प्रवासावर बंदी घालायची शिफारस केली नव्हती. तरी अनेक देशांनी भारताची विमानं थांबवली, माल अडवला. तेव्हाचे आंतरराष्ट्रीय आरोग्य नियम प्लेग, कॉलरा आणि पीतज्वर एवढ्या तीनच रोगांचे होते, आणि सरकारने कळवलं तरच संघटना अधिकृतपणे हलणार. कळवलं की नुकसान, म्हणून कळवायला कुणी राजी नाही. पेरूने १९९१ मध्ये कॉलरा कळवला तेव्हा त्यांचं असंच नुकसान झालं होतं. १९९५ मध्ये नियम बदलायचं ठरलं, त्यामागे पेरू आणि आपली सुरत आहे. हे मला पुढे आरोग्य खात्यात लागल्यावर कळलं आणि अंगावर काटा आला, कारण मामला आमच्या घरापासून लांब नाही.

नियम बदलायला दहा वर्षं लागली. मधे २००३ मध्ये सार्स आला. चीन माहिती देईना. तेव्हा महासंचालक होत्या नॉर्वेच्या माजी पंतप्रधान ग्रो हार्लेम ब्रुंटलँड. संघटनेकडे बातम्या, डॉक्टरांचं जाळं, प्रयोगशाळा अशी स्वतःची माहिती होती. त्यांनी कुणाची परवानगी न घेता हाँगकाँग, ग्वांगडाँग, बीजिंग, टोरांटो इथला प्रवास टाळा असं जाहीर केलं. कॅनडाचं सरकार चिडलं, चीन अडचणीत आला. नियमांत तसा अधिकार कुठे लिहिलेला नव्हता. २००५ मध्ये नवे नियम झाले तेव्हा सरकारबाह्य माहिती वापरायचा हक्क त्यात लिहून घेतला. म्हणजे आधी केलं, मग कायद्यात आलं.

कोविडच्या सुरुवातीला तेवढी धमक दिसली नाही असं माझं मत आहे. आयतं उत्तर माझ्याकडे नाही, पण ब्रुंटलँडबाई निवृत्त व्हायच्या वाटेवर होत्या, दुसऱ्यांदा उभ्या राहणार नव्हत्या, हे मला महत्त्वाचं वाटतं.

ताळेबंद

मांजराकाठ यांच्या मुद्द्याला जोडून. माहिती स्वतःची असली तरी ती कुणाच्या हातातून जाते, ते बघावं लागतं.

मी मुंबईत सीए आहे. जागतिक बँकेचा ‘व्यवसायसुलभता’ अहवाल आठवतो ना? भारत १४२ वरून ६३ वर आला म्हणून केवढा गाजावाजा झाला होता. त्यात भारत म्हणजे फक्त मुंबई आणि दिल्ली, हे किती जणांना माहीत होतं? बांधकाम परवाना, वीजजोडणी, कंपनी नोंदणी, सगळं दोनच शहरांतलं मोजलेलं. २०२१ मध्ये बँकेनेच नेमलेल्या वकिलांच्या चौकशीत निघालं की २०१८ च्या अहवालात चीनची आकडेवारी बदलून त्याला ७८ व्या क्रमांकावर ठेवलं होतं, एरवी तो ८५ वर गेला असता. त्याच सुमारास बँक भांडवलवाढीसाठी सदस्य देशांशी बोलणी करत होती. सौदी अरेबिया, अझरबैजान यांच्या आकड्यांतही गडबड निघाली. तेव्हा बँकेच्या मुख्य कार्यकारी असलेल्या आणि नंतर नाणेनिधीच्या प्रमुख झालेल्या क्रिस्तालिना जॉर्जिएव्हा यांनी आरोप नाकारले आणि नाणेनिधीच्या मंडळाने त्यांना पदावर ठेवलं. अहवाल मात्र कायमचा बंद झाला.

बाहेरून कुठल्या राष्ट्राध्यक्षाने हुकूम सोडला असं त्या चौकशीत कुठे नाही. दूरदेशी ताईंनी लिहिलंय तसंच: मसुदा वर गेला आणि मऊ होऊन खाली आला. आम्ही ताळेबंद तपासतो तेव्हा एक साधा नियम असतो, ज्याने आकडा भरला त्याने तो तपासायचा नाही. इथे तपासणाऱ्याचा साहेब आणि पैसे मागायला जाणारा साहेब एकच होता.

उसाचा_फड

शेतकऱ्याच्या बाजूने बोलतो. आमच्याकडे कारखान्याच्या सभेत जागतिक व्यापार संघटनेचं नाव निघालं की लोक तापतात. ऑस्ट्रेलिया, ब्राझील आणि ग्वाटेमाला या तिघांनी आपल्या साखरेविरुद्ध तक्रार केली होती. १४ डिसेंबर २०२१ ला निवाडा आपल्या विरोधात गेला: २०१४-१५ ते २०१८-१९ या पाच हंगामांत उसाला दिलेला आधार १० टक्क्यांच्या मर्यादेबाहेर आहे, निर्यातीचं अनुदानही बसत नाही. त्यात एफआरपीसुद्धा, म्हणजे सरकारने ठरवलेला उसाचा किमान दरसुद्धा, मोजली. एफआरपीचे पैसे सरकार देत नाही, कारखाना देतो, पण ते त्यांनी धरलं नाही.

भारताने जानेवारी २०२२ मध्ये अपील केलं. अपील ऐकणार कोण? तिथल्या अपील मंडळात सात जण हवेत, एका प्रकरणाला तीन लागतात. डिसेंबर २०१९ पासून तेवढेही उरले नाहीत, कारण अमेरिका नव्या नेमणुकांना संमतीच देत नाही. सुरुवात २०१६ मध्ये झाली. कोरियाचे एक सदस्य होते, त्यांचे निवाडे पटले नाहीत म्हणून त्यांची फेरनेमणूक अमेरिकेने अडवली.

आता खरं सांगतो. अपील अडकलं आहे तोवर आमच्यावर काही येत नाही, सभेत लोक यावर खूश असतात. मीही होतो. पण उद्या दुसऱ्या कुणी आपल्या कांद्याला किंवा द्राक्षाला अन्यायाने अडवलं तर आम्ही कुठे जायचं? न्यायाधीश निकाल देताना आपली फेरनेमणूक डोळ्यांपुढे ठेवणार असेल, तर आमच्या बाजूने लागलेला निकालही मला नको.

निशिगंध

मग नेमणूक एकदाच, लांब मुदतीची आणि पुन्हा नाही, असं का करत नाहीत? युरोपच्या मध्यवर्ती बँकेच्या कार्यकारी मंडळात तसंच आहे, आठ वर्षं, परत नेमणूक नाही. महासचिवाला मात्र पाच वर्षांनी पुन्हा सुरक्षा परिषदेच्या दारात उभं राहावं लागतं. १९९६ मध्ये बुत्रोस घाली यांच्या बाजूने १४ देश होते, विरोधात एकटी अमेरिका, आणि तेवढ्याने ते गेले.

दुसरं मनात येतं ते असं, की सोव्हिएत नेते ख्रुश्चेव्ह म्हणाले होते, तटस्थ देश असतात, तटस्थ माणूस नसतो. ते चूक आहे असं छातीवर हात ठेवून म्हणता येईल का?

आवकजावक

निशिगंध ताई, एकदाच लांब मुदत हे मलाही पटतं. हेगच्या संघटनेत कर्मचाऱ्यांनाही एकूण सात वर्षांपेक्षा जास्त राहता येत नाही. पण तिथे वेगळीच अडचण होते. सात वर्षांनी परत कुठे जायचं? ज्याला आपल्याच सरकारच्या नोकरीत परतायचंय, तो पाचव्या वर्षापासून मायदेशाकडे बघू लागतो. सोव्हिएत काळात तर त्यांचे सगळे कर्मचारी सरकारने उसने दिलेलेच असायचे, पगाराचा काही भाग सरकारला परत करायचे. त्यातल्या एकाने, व्लादिमिर याकिमेट्स यांनी, १९८३ मध्ये अमेरिकेत आश्रय मागितला. साहेब त्यांच्या कामावर खूश होते, तरी नोकरी वाढवून मिळाली नाही. ते न्यायाधिकरणात हरले, आणि १९८७ मध्ये आंतरराष्ट्रीय न्यायालयानेही तो निर्णय कायम ठेवला. दाद मागायला जागा असली म्हणजे दाद मिळतेच असं नाही, हे मी वर लिहायला हवं होतं.

ख्रुश्चेव्ह यांच्या वाक्यावर हामरशोल्ड यांनी ३० मे १९६१ ला ऑक्सफर्डला भाषण केलं होतं. त्यांचं म्हणणं माझ्या शब्दांत सांगतो. माणसाला मतं असतातच. प्रश्न एवढाच की काम करताना आपल्या मताचा कल कुठे आहे हे तो ओळखतो का, आणि सनदेत लिहिलंय तेवढंच करतो का. तीन गटांचे तीन महासचिव नेमा, ही ख्रुश्चेव्ह यांची मागणी त्यांनी आधीच्या वर्षी आमसभेत धुडकावली होती. पण याच मे महिन्यात काँगोतले त्यांचे प्रतिनिधी राजेश्वर दयाळ यांना बाजूला व्हावं लागलं. दयाळ आपल्या परराष्ट्र सेवेतले. काँगोचे पंतप्रधान लुमुंबा यांना पदच्युत करणाऱ्यांना त्यांनी मान्यता दिली नाही, म्हणून अमेरिका आणि ब्रिटन त्यांच्यावर नाराज होते. हामरशोल्ड यांनी त्यांना बरेच महिने सांभाळलं, शेवटी नाही सांभाळता आलं. सप्टेंबरमध्ये आफ्रिकेतच एन्डोलाजवळ विमान पडून हामरशोल्डही गेले. एका बाजूने ख्रुश्चेव्ह आणि दुसऱ्या बाजूने वॉशिंग्टन ओढत असताना तो माणूस त्या वर्षी काय काय सोसत असेल, या विचाराने मला अजून गलबलून येतं. तटस्थ माणूस असतो का, याचं माझं उत्तर: असतो, पण त्याला एकट्याने फार दिवस राहता येत नाही.

दूरदेशी

काका, दयाळ यांच्याबद्दल वाचून रात्री झोप आली नाही. माझ्या साहेबांनाही कुणी सांभाळणारं नव्हतं, हे इतक्या वर्षांत आज पहिल्यांदा मनात आलं.

उलटतपासणी

आवकजावक, शेवटचा प्रश्न, आणि खासगी वाटला तर उत्तर देऊ नका. तुम्ही स्वतः मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, गेला होतात का? १९९१ नंतरची बदली असेल तर जागा होती.

आवकजावक

नाही गेलो. १९९८ ची गोष्ट. अर्ज लिहून झाला होता, वकिलांनी वाचूनही दिला होता. बायको म्हणाली, मुलीची परीक्षा होऊ दे, मग बघू. परीक्षा झाली, तोवर मी नव्या जागी रुजू झालो होतो आणि दोन महिने उलटले होते. अर्ज कपाटात राहिला. पुढे माझ्याच जागी आलेल्या एका तरुण अधिकाऱ्याला तसाच निरोप आला, त्यानेही लेखी मागितलं, आणि त्याचीही बदली झाली. तो मॅटमध्ये गेला. जाण्यापूर्वी त्याने मला फोन करून विचारलं होतं की तुमच्या वेळचं काही लिहिलेलं आहे का. कपाटातला तो अर्ज मी त्याला नेऊन दिला. त्याला स्थगिती मिळाली.

ही तीच मुलगी, जी आता हेगला असते. तिला हे मी मागच्या उन्हाळ्यात सांगितलं, त्या गोल इमारतीसमोरच्या बाकावर बसून.